मिरचीचं माहेर

लेकीकडे मेक्सिकोला गेले होते, तेव्हा वेराक्रूझहून वाटाड्यासोबत एक दिवसाची सहल केली. कोर्तेस १५१९ साली याच किनाऱ्यावर उतरला. ला अँटिग्वा गावात त्याचं म्हणून दाखवतात ते घर पाहिलं. छप्पर गेलेलं, भिंतींना झाडांच्या मुळांचा विळखा. दुपारी बोका देल रिओला जेवण. टोमॅटोच्या रश्शातला तांबडा मासा, वर ऑलिव्ह आणि मिरची. (चव थेट आपल्या कालवणाची नव्हे, पण बरी!) वाटाड्या म्हणाला, "ऑलिव्ह स्पेनचे. टोमॅटो, मिरची इथलीच. 'चिले' हा शब्दही इथल्या नाहुआत्ल भाषेतला."

मी वरमले. वर्गात वर्षानुवर्षं सांगत आले, मिरची पोर्तुगीजांनी आणली. कोणाच्या परसातून, ते एकाही मुलाने विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.