सावकारी पाश : एका कागदाची गोष्ट

आज एका जुन्या सिनेमाची गोष्ट सांगते. नाव ‘सावकारी पाश’. १९२५ साली कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबूराव पेंटरांनी तो काढला. कथा ना. ह. आपटे यांची. सिनेमा मुका होता, पण दुखणं आपल्या घरातलं होतं.

तेव्हाचे बहुतेक सिनेमे देवादिकांचे, नाहीतर राजेरजवाड्यांचे. बाबूरावांनी मात्र पडद्यावर कर्जात बुडालेला शेतकरी आणला. सावकार खोटा कागद करतो आणि त्याची जमीन गिळतो. तो तरुण शेतकरी गाव सोडून शहरात जातो आणि गिरणीत कामगार होतो. ही भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती. १९३६ साली हीच गोष्ट बोलपटात आली. त्यातली काळोखातली झोपडी आणि कुत्र्याचं रडणं पाहणाऱ्यांच्या मनात घर करून राहिलं.

ही गोष्ट हवेतून आली नव्हती. सिनेमाच्या पन्नास वर्षं आधी, १२ मे १८७५ रोजी, पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला शेतकरी सावकारांविरुद्ध उठले. हे लोण गावोगाव पसरलं. लोकांचा रोख कशावर होता? कर्जाच्या कागदांवर. खतं, दस्तऐवज हिसकावून त्यांनी जाळले. कारण कागदात काय लिहिलंय ते वाचता येत नव्हतं, आणि कोर्टात मात्र तोच कागद खरा ठरत होता. त्यानंतर १८७९ साली सरकारला कायदा करावा लागला. कर्जाच्या मुळाशी जाऊन हिशेब तपासायचा अधिकार कोर्टाला मिळाला.

म्हणजे बघा, जमीन जाते ती आधी कागदावर जाते. बांधावरून नंतर.

आज आपल्या गटातल्या कितीजणी सही करतात, पण वाचत नाहीत? ‘इथं अंगठा लाव’ म्हटलं की लावतो. यापुढे कागद आधी कुणाकडून तरी मोठ्याने वाचून घ्या. रक्कम, व्याज, मुदत विचारा. कोऱ्या कागदावर सही करू नका. एक प्रत घरी ठेवा. आणि सावकारीत बेकायदा जमीन गेली असेल, तर २०१४च्या कायद्याने जिल्हा निबंधकांकडे ती परत मागता येते, हेही ध्यानात ठेवा.

सिनेमातल्या शेतकऱ्याला हे सांगायला कुणी नव्हतं. आपण एकमेकींना सांगू या.