उशिरा केलेला इजहार

उर्दूच्या तासाला ‘इजहार’ शब्द आला की मुलं खुसखुसतात. मग मी अमृता प्रीतम यांचा किस्सा सांगतो.

१९५६चा साहित्य अकादमी पुरस्कार ‘सुनेहडे’ला मिळाला. त्या कविता साहिर लुधियानवींसाठीच होत्या, पण तसं उघड कुठे म्हटलं होतं? छायाचित्रकाराने काहीतरी लिहिताना फोटो हवा म्हटलं, आणि नकळत कागदभर एकच नाव लिहिलं गेलं : साहिर. उद्या हे पेपरात आलं तर, म्हणून त्या घाबरल्या.

वीस वर्षांनी, १९७६ मध्ये, तोच प्रसंग त्यांनी ‘रसीदी टिकट’मध्ये स्वतःच छापला. साहिर हयात होते, मुंबईतच. अमृतांच्या घरी इमरोज होते. लोक साहिरच्या मौनावर फिदा होतात. मला मात्र धाडस अमृतांचं वाटतं.

“सर, साहिर काय म्हणाले?” एका मुलीने विचारलं. मी १९८० लिहिलं, त्यांच्या इंतकालचं साल.