हेतूकडून पात्याकडे : इंग्लंडमधील चाकू बाळगण्याविषयीच्या कायद्याचा इतिहास (१९५३–२०१९)

प्रस्तावना :

शस्त्र घेऊन हिंडण्यास इंग्लंडमध्ये १३२८ च्या नॉर्थॅम्प्टन कायद्यानेच मनाई केली होती. तथापि सामान्य माणसाच्या खिशातील चाकू हा स्वतंत्र गुन्ह्याचा विषय झाला तो विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. या कायद्याचा इतिहास बहुधा वाढत्या शिक्षांचा इतिहास म्हणून सांगितला जातो. वास्तविक त्यात त्याहून महत्त्वाचा बदल घडला आहे. आरोपीचा हेतू सरकार पक्षाने सिद्ध करावा, ही अपेक्षा क्रमाने मागे पडली आणि आपण निरपराध का, हे सांगण्याचे ओझे नागरिकावर आले.

१९५३ चा कायदा :

‘गुन्हे प्रतिबंधक कायदा, १९५३’ अन्वये सार्वजनिक ठिकाणी कायदेशीर अधिकाराशिवाय किंवा वाजवी सबबीशिवाय आक्रमक शस्त्र बाळगणे हा गुन्हा ठरला. कमाल शिक्षा दोन वर्षांच्या कारावासाची होती. इजा करण्यासाठी बनविलेली, त्यासाठी फेरफार केलेली, अथवा त्या हेतूने जवळ ठेवलेली वस्तू म्हणजे आक्रमक शस्त्र, अशी व्याख्या होती. खंजीर पहिल्याच प्रकारात मोडे. स्वयंपाकघरातील सुरी मात्र तिसऱ्या प्रकारात जाई आणि तिच्यामागील हेतू सरकार पक्षालाच सिद्ध करावा लागे.

आत्मसंरक्षणाची सबबही न्यायालये सहजासहजी मान्य करीत नसत. ‘इव्हान्स विरुद्ध ह्यूज’ (१९७२) या खटल्यातील आरोपीवर आठवडाभरापूर्वी तिघांनी हल्ला केला होता, म्हणून तो लोखंडी कांब जवळ बाळगून होता. त्याची सबब ग्राह्य धरली गेली, पण अगदी काठावर. धोका नजीकचा आणि निश्चित असला पाहिजे. सदैव सशस्त्र राहण्याचा परवाना कोणालाही नाही, असा या भूमिकेचा आशय होता.

१९८८ : पाते हाच गुन्हा

‘फौजदारी न्याय कायदा, १९८८’ च्या कलम १३९ ने हेतूचा प्रश्नच बाजूला सारला. सार्वजनिक ठिकाणी पाते असलेली अथवा तीक्ष्ण टोकाची वस्तू जवळ असणे एवढ्यानेच गुन्हा पूर्ण होऊ लागला. धारेची लांबी तीन इंचांपेक्षा अधिक नसलेला, मिटणारा खिशातील चाकू तेवढा वगळण्यात आला. ‘हॅरिस’ खटल्यात (१९९३) न्यायालयाने ही सवलतही आकुंचित केली : उघडल्यावर पाते अडकून बसत असेल आणि मिटण्यासाठी खटका दाबावा लागत असेल, तर तो मिटणारा चाकू नव्हे. सुतार, माळी किंवा गिर्यारोहक यांच्या हत्यारपेटीतील साधा चाकू यामुळे कायद्याच्या कक्षेत आला.

योग्य कारण दाखविण्याची मुभा होती. कामासाठी, धार्मिक कारणास्तव किंवा राष्ट्रीय वेशभूषेचा भाग म्हणून बाळगणे हे बचाव कलमातच नमूद आहेत. शिखांचे कृपाण दुसऱ्यात बसते. परंतु शाबितीचा भार आरोपीवर होता. मानवी हक्कांच्या कसोटीवर या तरतुदीला २००१ मध्ये आव्हान दिले गेले, तेव्हा न्यायालयाने ती उचलून धरली. वस्तू जाणीवपूर्वक जवळ होती हे सरकार पक्षाला सिद्ध करावेच लागते आणि ती का होती हे आरोपीलाच ठाऊक असते, हा युक्तिवाद व्यवहार्य खरा. पण मोलमजुरी करणाऱ्या, वकील न परवडणाऱ्या माणसाला तो किती उपयोगी पडतो, याचे उत्तर त्यात नाही.

शिक्षेची चढण :

कलम १३९ ची मूळ शिक्षा केवळ दंडाची, त्या वेळच्या श्रेणीनुसार कमाल ४०० पौंड, होती. डिसेंबर १९९५ मध्ये मुख्याध्यापक फिलिप लॉरेन्स यांची लंडनमध्ये त्यांच्या शाळेबाहेर भोसकून हत्या झाली आणि वातावरण पालटले. १९९६ च्या कायद्याने या गुन्ह्यास दोन वर्षांपर्यंत कारावास ठरविला, शाळेच्या आवारासाठी स्वतंत्र गुन्हा निर्माण केला आणि सोळा वर्षांखालील मुलांना चाकू विकण्यास बंदी घातली. २००६ मध्ये कमाल कारावास चार वर्षांवर व विक्रीची वयोमर्यादा अठरावर गेली. अठरा वर्षांत दंडापासून चार वर्षांपर्यंतचा हा प्रवास, मूळ कृत्याची व्याख्या जवळजवळ न बदलता झाला.

२०१५ पासून दुसऱ्यांदा दोषी ठरलेल्या प्रौढास किमान सहा महिन्यांचा कारावास देणे न्यायाधीशांवर बंधनकारक झाले. परिस्थितीमुळे तसे करणे अन्यायकारक ठरत असेल तरच २०२२ पर्यंत अपवाद होता. २०१९ च्या कायद्याने चाकू-गुन्हे प्रतिबंधक आदेशाची तरतूद केली. बारा वर्षांच्या मुलावरही, दोषसिद्धी झालेली नसताना, केवळ संभाव्यतेच्या निकषावर असा आदेश काढण्याचा अधिकार न्यायालयास मिळाला. आदेश दिवाणी स्वरूपाचा. त्याचा भंग मात्र दोन वर्षांपर्यंत कारावासास पात्र असा फौजदारी गुन्हा.