वाळूचा ट्रॅक्टर जप्त झाला की प्रकरण हायकोर्टात का जातं?

वाळूपट्ट्यातल्या तहसील कार्यालयात गेलात तर आवारात नजर टाका. टायर बसलेले ट्रॅक्टर, गंजलेले टिप्पर. बँकेचा हप्ता मात्र थांबत नाही. नांदेड आणि लातूरमधल्या अशा गाड्यांचे मालक मग मुंबई हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे धाव घेतात. बिलोलीहून ते अंतर तीनशे किलोमीटरच्या पुढे आहे.

भांडण नेमकं कशाचं?

आरटीओचं परमिट वेगळं आणि वाळूचा वाहतूक पास वेगळा. हा पास 'महाखनिज' या सरकारी प्रणालीतून निघतो. गाडीचा नंबर, किती ब्रास, कुठून कुठे आणि किती वाजेपर्यंत, हे सगळं त्यावर असतं. वाटेत पंक्चर झालं, वेळ उलटली आणि तेवढ्यात पथकाने अडवलं, तर तीच वाळू विनापरवाना ठरू शकते.

आता दंड बघा. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) नुसार वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. गाडी सोडवायची तर कलम ४८(८) खाली वेगळी रक्कम भरावी लागते. २०१८ च्या नियमांत ती ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख आणि फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला २ लाख आहे. वर हमीपत्रही लागतं. २०२३ च्या धोरणात सरकारी डेपोवर वाळू ६०० रुपये ब्रास होती आणि ट्रॉलीत साधारण एक ब्रास मावते. हिशेब तुम्हीच करा.

म्हणून याचिकांमध्ये 'वाळू चोरीची होती का' यापेक्षा 'जप्ती कुणी आणि कशी केली' यावर जास्त वाद होतो. कायद्याप्रमाणे जप्ती करणारा अधिकारी किमान तहसीलदार दर्जाचा आणि जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेला हवा. ४८ तासांत गाडी जिल्हाधिकारी किंवा उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यासमोर सादर करावी लागते. तलाठ्याने अडवली, तहसीलदाराने दंडाची नोटीस काढली, म्हणणं कुणी ऐकलंच नाही, असं झालं की वकिलाला मुद्दा मिळतो.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा नोंदवला तर गुंता वाढतो. खनिज कायदा आणि चोरीचं कलम दोन्ही एकाच वेळी लागू शकतात, असं सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये सांगितलं आहे. म्हणजे गाडीला दोन कुलपं लागली. जप्त वाहनं ठाण्यात सडत ठेवू नका, असंही याच कोर्टाने २००२ मध्ये म्हटलं होतं. पण दंडाधिकाऱ्याने गाडी सोडली तरी महसूलचा दंड उरतोच.

सीमेवरची वाळू

बिलोली-देगलूरकडे मांजरा नदी तेलंगणाची हद्द आखते, त्यामुळे पलीकडची वाळू हा कायमचा विषय. कायदेशीर उपसलेली वाळू राज्याबाहेर नेण्यावर गुजरातने बंदी घातली होती. ती सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी २०१९ मध्ये टिकू दिली नाही. राज्याला बेकायदा वाहतूक रोखण्याचा अधिकार आहे, पण वैध मालाला फक्त हद्द ओलांडली म्हणून अडवता येत नाही. अर्थात तिकडची रॉयल्टी पावती आणि इकडचा 'झिरो रॉयल्टी' पास दाखवता आला पाहिजे. खरी अडचण इथेच येते.

सरकार एवढं कडक का, याचं उत्तर नदीपात्रात आहे. वाळूचा थर पाणी धरून ठेवतो, काठच्या विहिरी त्यावर जगतात. मांजरा काठच्या लातूरला २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं. त्याला दुष्काळ कारणीभूत होता हे खरं, पण पात्र खरवडून काढलं तर पाऊस पडूनही पाणी मुरायला जागा राहत नाही. तेव्हा प्रत्येक जप्ती म्हणजे छळ, असंही नाही.

हायकोर्टात गेल्यावर लगेच गाडी मिळते का? नेहमी नाही. आधी कलम २४७ खाली अपील करा, असं सांगून कोर्ट अनेकदा परत पाठवतं. आदेशच अधिकाराबाहेरचा असेल किंवा सुनावणीच झाली नसेल, तर मात्र थेट याचिका ऐकली जाऊ शकते. त्यासाठी जप्तीचा पंचनामा, त्यावरची तारीख-वेळ, सही करणाऱ्याचं पद आणि पासची प्रत ही कागदं पहिल्या दिवसापासून हातात हवीत.