वही राखणारे
(मंडळीच्या नवजीवनाविषयीं एक ऐतिहासिक विचार)



ज्युबिली या शब्दाचें मूळ इब्री भाषेंत आहे. पन्नासावें वर्ष आलें कीं मेंढ्याचें शिंग फुंकावें, हातची गेलेली जमीन मूळ कुळास परत मिळावी, आणि ज्यास पोटासाठीं दुसऱ्याच्या दारीं राबावें लागलें त्यानें आपल्या घरीं परतावें, असा नियम लेवीय या पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायांत घालून दिला आहे. पुढें परमगुरु आठवे बोनिफास यांनीं इ. स. १३०० मध्यें रोम येथें पहिलें ख्रिस्ती ज्युबिली वर्ष पाळलें, आणि तेव्हांपासून यात्रा व पापक्षमा हें ज्युबिलीचें मुख्य अंग झालें. आतां त्यांत मंडप, भोजन व स्मरणिका यांचीही भर पडली आहे. तिला आमची ना नाहीं. परंतु जामसरच्या या डोंगरांत बसून चार ओळी लिहूं जातां आमचें मन त्या जुन्या नियमाच्या शेवटच्या कलमापाशींच अडून राहतें. माणसानें घरीं परतावें, हें तें कलम.

जव्हारचें संस्थान १९४८ सालीं विलीन झालें; हा मुलूख ठाणे जिल्ह्यांत गेला, व १ ऑगस्ट २०१४ पासून पालघर जिल्ह्यांत मोडूं लागला. २२ मे १९९८ रोजीं वसईचा धर्मप्रांत मुंबईच्या महाधर्मप्रांतापासून वेगळा झाला. एवढ्या सीमा बदलल्या, तरी पाड्यावरच्या वर्षाचा क्रम मात्र फारसा बदललेला नाहीं. पावसांत नागली, वरई व थोडें भात पिकवावें. दिवाळी सरली कीं घेतलेली उचल फेडण्यासाठीं बायकामुलांसह भिवंडी, वसईकडच्या वीटभट्ट्या गांठाव्या. कोणी शिमग्यास चार दिवस येऊन जावें. आणि मृगाच्या तोंडावर कौलें चाळण्यास परत यावें. आतां धर्मसभेचें वर्ष यावर ठेवून पाहा. नाताळ, राखेचा बुधवार, झावळ्यांचा रविवार, ईस्टर; जे म्हणून मोठे सण आहेत ते सारे पाडे ओस पडलेले असतांनाच येतात!

हें आम्हांस फार उशिरां कळलें, हें कबूल केलेंच पाहिजे. सेमिनरींत आमच्या मनांत धर्मग्रामाचें जें चित्र ठसलें होतें तें देवळाच्या घंटेचा आवाज पोंचेल तेवढ्या मुलुखाचें होतें. इकडे आल्यावर पहिल्या वर्षींच्या नाताळास निम्म्याहून अधिक चटया रिकाम्या राहिल्या, तेव्हां आम्हीं कुटुंबांच्या वहींत त्या घरांपुढें 'अनुपस्थित' असा शेरा मारला, आणि श्रद्धा थंडावली म्हणून पुढच्या रविवारीं उपदेशही केला. उपदेश ऐकावयास अर्थात् तीं माणसें नव्हतींच. पुढें जानेवारींत एका भट्टीवर जाण्याचा योग आला. मातीनें हात भरलेली एक आई उठून उभी राहिली व म्हणाली, "फादर, नाताळ होऊन गेला का?" तिच्या प्रश्नानें आमचा सारा उपदेश आमच्याच पदरीं परत आला. तिची श्रद्धा थंडावली नव्हती. तिला दिवस सांगणारें कोणी नव्हतें.

या प्रश्नाचें उत्तर शोधीत असतां आम्ही आपल्या वसईच्या संतामागोमाग थेट जपानांत जाऊन पोंचलों. संत गोन्सालो गार्सिया कोणास ठाऊक नाहीं? गास येथील देऊळ त्याच्याच नांवाचें आहे. तो वसईस जन्मला, जेज्वीत पाद्रींच्या हाताखालीं शिकला, तरुणपणीं जपानांत त्यांच्याबरोबर धर्मशिक्षक म्हणून राबला, मग कांहीं काळ व्यापारांत पडला, आणि शेवटीं मनिला येथें फ्रान्सिस्कन संघांत शिरला. तेथेंही तो साधा बंधूच राहिला, दीक्षित धर्मगुरू झाला नाहीं. ५ फेब्रुवारी १५९७ रोजीं नागासाकी येथें पंचवीस सोबत्यांसह त्यास क्रूसावर देण्यांत आलें. परमगुरु नववे पायस यांनीं ८ जून १८६२ रोजीं त्या सव्वीसही जणांस संतपद दिलें. येथवरची कथा आपण दर वर्षीं ऐकतों. तिचा पुढचा भाग मात्र आपल्याकडे क्वचितच सांगितला जातो.

इ. स. १६१४ मध्यें जपानांत ख्रिस्ती धर्मास बंदी झाली. तेथें लपून राहिलेल्या धर्मगुरूंपैकीं शेवटचा १६४४ त मारला गेला. त्यानंतर दोनशेंहून अधिक वर्षें त्या लोकांस ना मिस्सा मिळाली ना पापनिवेदन. नागासाकीजवळच्या उराकामी गांवच्या शेतकऱ्यांनीं मग काय करावें? त्यांनीं तीन कामें आपसांत वांटून घेतलीं. एक जण वहीवाला. सणवारांची वही त्याच्यापाशीं असे, आणि अमुक दिवशीं उपास, अमुक दिवशीं काम बंद, हें तो काढी. दुसरा पाणीवाला, तो मुलांस स्नानसंस्कार देई. तिसरा ऐकणारा, वहीवाल्यानें काढलेला दिवस ऐकून घेऊन तो आपल्या वाडींत घरोघर कळवी. मुळांत हीं नांवें जपानी आहेत, पण त्यांचा अर्थ इतकाच साधा आहे. वही, पाणी आणि कान एवढ्यावर सात पिढ्या निघाल्या.

पुढें फ्रेंच पाद्रींनीं नागासाकीस ओउरा येथें देऊळ बांधलें व तें त्याच सव्वीस हुतात्म्यांस अर्पण केलें, म्हणजे त्यांत आपला गोन्सालोही आला. त्या देवळाच्या दारांत १७ मार्च १८६५ रोजीं उराकामीचे सुमारें पंधरा स्त्रीपुरुष येऊन उभे राहिले. एका बाईनें फादर पेतिजां यांस हळूच सांगितलें कीं आमचें व तुमचें हृदय एकच आहे, आणि पवित्र मरियेची मूर्ति कोठें आहे असें विचारलें. त्या लोकांनीं आणखी एक गोष्ट सांगितली: सध्यां आमचा दुःखाचा काळ चालूं आहे व आज त्याचा सतरावा दिवस आहे. आम्हीं मुद्दाम गणून पाहिलें. त्या वर्षीं ईस्टर १६ एप्रिलला होता, म्हणजे राखेचा बुधवार १ मार्चला. उपवासकाळाचा दिवस बरोबर सतरावाच! एवढ्या वर्षांत वही एका दिवसानेंही चुकली नव्हती. त्यानंतर त्या मंडळीवर पुन्हा छळ आला, हजारोंस हद्दपारी भोगावी लागली, आणि १८७३ सालीं बंदी उठली तेव्हांच तीं माणसें घरीं परतलीं.

हें परदेशीं घडलें असें कोणी म्हणेल, तर घरचें उदाहरणही आहे. फादर स्टीफन्स १५७९ सालीं गोमंतकांत आले. त्यांचें ख्रिस्तपुराण १६१६ त राचोल येथें छापलें गेलें, पुढें १६४९ व १६५४ सालीं पुन्हा निघालें. नंतर छापखाना मुका झाला. १६८४ त तर लोकांनीं तीन वर्षांत स्वभाषा टाकून पोर्तुगीज बोलावें असा सरकारी हुकूम निघाला. पुराणाची पुढची छापील आवृत्ति मंगळुरास निघाली ती थेट १९०७ सालीं. मधल्या अडीचशें वर्षांत तें हातानें नकलून ठेवणारीं घरें होतीं, म्हणून तें आपणांपर्यंत आलें. वसईचेंही तसेंच. मे १७३९ मध्यें चिमाजीअप्पांनीं किल्ला घेतल्यावर युरोपीय संघांचे पाद्री निघून गेले, मोजके देशी धर्मगुरू मागें राहिले. परंतु सायंकाळची जपमाळ घराघरांतून चालूंच राहिली.

आजकाल नवजीवन म्हटलें कीं वेदीमागें वारली चित्र काढावें, मिस्सेंत तारपा वाजवावा, अशा सूचना येतात. त्या आम्हांस मनापासून आवडतात. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनें ४ डिसेंबर १९६३ च्या उपासनाविषयक संविधानांत लोकांच्या स्वतःच्या संगीतास मानाचें स्थान दिलेंच आहे. पण नाताळच्या रात्रीं तारपा ऐकणारा भट्टीवर असेल, तर तो वाजवावयाचा कोणापुढें? त्याच परिषदेचा १८ नोव्हेंबर १९६५ चा प्रापंचिकांविषयींचा आदेश मात्र आपल्याकडे कमी वाचला गेला आहे. स्नानसंस्कार झालेल्या प्रत्येकास धर्मकार्याची नेमणूक ख्रिस्ताकडूनच मिळते, असें त्यांत स्पष्ट म्हटलें आहे. परमगुरु फ्रान्सिस यांनीं तर १० मे २०२१ रोजीं धर्मशिक्षकाच्या सेवेस धर्मसभेंत विधिपूर्वक स्थान दिलें. आणि प्राणावर बेतलें असतां कोणीही योग्य हेतूनें स्नानसंस्कार देऊं शकतो, हा नियम तर जुनाच आहे.

म्हणून यंदां आम्हीं असें योजिलें आहे. पाड्यावरून मुकादमाबरोबर जी टोळी निघते, तिच्यांत एकानें वही घ्यावी, एकानें स्नानसंस्काराचे शब्द पाठ करावे, आणि एकानें बाकीच्यांस दिवस कळवावा. हीं कामें बायकांकडे गेलीं तर अधिक बरें. पुरुषांच्या हातून वही हरवते असा आमचा अनुभव आहे. वहींत तारीख तर असेलच, पण भट्टीवर तारखेपेक्षां पुनवेची ओळख अधिक. ईस्टर हा वसंतसंपाताच्या पुनवेनंतरचा रविवार असल्यामुळें, तो कधीं होळीच्या पुनवेमागून येतो, कधीं चैत्री पुनवेमागून. त्या वर्षीं कोणती पुनव धरावी तें पहिल्याच पानावर मोठ्या अक्षरांत लिहिलें जाईल. जेथें दोन तीन टोळ्या जवळ असतील तेथें नाताळच्या आठवड्यांत मिस्सा अर्पिण्यास आम्ही जाऊं. ती रात्रीं उशिरां होईल, कारण दिवसा विटा थापावयाच्या असतात.

दिवाळीपूर्वींच्या रविवारीं मिस्सेनंतर वह्या वांटावयाच्या आहेत. प्रत्येक टोळीनें तीन नांवें व आपल्या भट्टीचें ठिकाण तत्पूर्वीं कळवावें. कुटुंबांच्या वहींतील 'अनुपस्थित' हा शेरा आम्हीं खोडून काढला आहे. त्या जागीं भट्टीचें ठिकाण लिहावयाचें आहे.