उक्त्याला भलरी चालत नाही

"वेठीला कुणी भलरी म्हटलेली मी कधी ऐकली नाही," असं आमचे आबा म्हणायचे. निजामाच्या राज्यात साहेबाचा दौरा निघाला की गावातून बैलगाड्या काढायच्या, ओझी वाहायला माणसं धरायची आणि संध्याकाळी त्यांच्या हातावर काही टेकवायचं नाही. आबा तेव्हा पोरसवदा होते. ओझ्याखाली मुकी चालणारी हीच माणसं माघ-फाल्गुनात आमच्या करमाडच्या शिवारात ज्वारी काढायला उतरली की त्यांचा आवाज दोन वावरं ओलांडून जायचा. 17 सप्टेंबर 1948 ला संस्थान भारतात आलं आणि वेठ संपली. आबांचं वाक्य मात्र माझ्या मनात बसून राहिलं.

भलरी हे काढणीचं गाणं. काढणीच्या सकाळी बांधावर नारळ फुटायचा. मग म्होरक्या जवळच्याच साताऱ्याच्या खंडोबाला, खुलताबादच्या भद्रा मारुतीला आणि गावच्या मारुतीला हाक घालायचा आणि सगळे आपापल्या पातीला लागायचे. एक ओळ म्होरक्याची, पालुपद सगळ्यांचं. म्होरक्या गाई तेवढ्यात बाकीच्यांना दम मिळायचा, ते पालुपद उचलत तेवढ्यात त्याला. वाकलेली कंबर आणि चाललेला हात या तालावर दुपारपर्यंत निभावून जायचा.

"म्होरक्याचं ध्यान सगळ्यात मागल्या माणसावर पाहिजे," हे आबांचं पक्कं मत. एखादी म्हातारी मागे पडली की तो ओळ लांबवायचा, पालुपदाला आणखी एक फेर घ्यायचा, म्हातारी बरोबरीला येई. ऊन चढायच्या आत तुकडा उरकायचा असला की चाल जलद व्हायची. मालकाचंही नाव भलरीत यायचं. बैलांचं, विहिरीच्या पाण्याचं कौतुक झालं की भाकरीबरोबरचं कोरड्यास पातळ आल्याचंही त्याच चालीत सांगून टाकायचे. मालक बांधावरून हसायचा आणि दुसऱ्या दिवशी डाळ जरा घट्ट यायची.

खळ्यावर मात्र सगळे गप्प. रास मोजताना पहिल्या मापाला 'एक' म्हणायचं नाही, 'लाभ' म्हणायचं, पुढे दोन, तीन. मजुरीच्या पेंढ्या घरी गेलेल्या असत, बलुतेदारांचं याच राशीतून निघायचं. वावरात गाणाऱ्या प्रत्येकाचा त्या धान्यात थोडा का होईना वाटा होता.

भलरीशिवाय आमच्या गावाला एक आरोळीही होती. मनमाड–सिकंदराबाद मीटरगेज करमाडवरून जायची. रेल्वेच्या गँगमधून निवृत्त झालेले शेजारचे काका सांगायचे, की रूळ सरकवताना सगळे पहारी लावून उभे राहत, मेट, म्हणजे गँगचा म्होरक्या, आरोळी देई आणि तिच्या शेवटच्या झटक्याला सगळ्यांचा जोर एकदम पडे. "एकानं आधी जोर केला तर पहार नडगीवर," काका म्हणायचे. भलरी दिवसभराची चाल सांभाळायची, ही आरोळी एका क्षणाचा जोर. पण दोन्हीकडे काम टोळीचं होतं. कुणी किती रेटलं याचा वेगळा हिशेब नव्हता.

यंत्र आलं आणि गाणं गेलं, असं आपण सहज म्हणतो. जगभर असंच घडलं, हेही खरं. शिडांच्या जहाजांवर दोर ओढताना खलाशी गायचे, वाफेची इंजिनं आली आणि ती गाणी कामातून गेली. आपल्याकडेही 1964 साली सीएसएच-1 हा संकरित ज्वारीचा पहिला वाण आला, पुढे मळणीयंत्रं आली, कपाशी आणि मका वाढला. पण मराठवाड्यात आजही कितीतरी सोयाबीन विळ्यानेच सोंगतात. कंबर तशीच वाकलेली, ऊन तसंच. तरी भलरी नाही.

याचं उत्तर आजीकडे होतं. 1972 च्या दुष्काळात ती खडी फोडायला जायची. तिथे बायका शेकड्यांनी होत्या, पोरांना सुकडी मिळायची. पण गाणं? "मुकादम ढिगाचं माप घ्यायचा. जिचा ढीग मोठा तिला पैसे जास्त. दुसरीसाठी कोण थांबतंय?" सोयाबीनच्या टोळ्याही एकरावर काम घेतात, उक्तं. तुकडा लवकर उरकला तर दुसरा पकडता येतो, म्हणून मागे पडणारी म्हातारी टोळीत घेतच नाहीत. तिच्यासाठी ओळ लांबवणारा म्होरक्या तिथे परवडत नाही.

पेंढीच्या मजुरीचा काळ सुखाचा होता असं मी म्हणणार नाही. तेव्हाही अर्धपोटी माणसं गात होती, आणि कुणी कोणत्या विहिरीचं पाणी भरायचं हे जातच ठरवत होती. पण भलरी ही कामाची शिस्त होती, आणि त्या शिस्तीत अशक्त माणसालाही जागा होती. उक्त्याने मजुराच्या हातात रोख पैसा आणला आणि ती जागा काढून घेतली. आज गावची पोरं शेंद्र्याच्या कारखान्यांत जातात. तिथे गाणं कानात असतं, तोंडात नसतं.

बायकांच्या जात्यावरच्या ओव्या पुष्कळ जपल्या गेल्या. सरोजिनी बाबरांच्या लोकसाहित्य समितीने खंडामागून खंड काढले. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगाव फिरून जमवलेल्या ओव्या एक लाखाच्या वर आहेत. वावरातल्या भलरीच्या वाट्याला एवढी मेहनत आली नाही. तुमच्या घरात ज्वारी काढलेलं, मोट हाकलेलं, खळं केलेलं माणूस असेल, तर मोबाइल काढा आणि त्याला म्हणायला लावा. ओळी टिपाच, पण सोबत हेही विचारा: पातीला किती जण असत, मागे पडणाऱ्याचं काय करत आणि मजुरी कशी मिळे? या उत्तरांशिवाय उतरवलेली भलरी अर्धीच असेल.