दूरच्या मित्राचें मोल

छत्रपती संभाजीनगराहून वेरूळकडे जाणाऱ्या वाटेवर दौलताबादचा डोंगर लागतो. त्याचा कडा तासून सरळ उभा केला आहे, पायथ्याशीं खडकांत खोदलेला खंदक आहे आणि वर जावयाची वाट एका अंधाऱ्या भुयारांतून आहे. असा किल्ला चढून जाऊन घेणें जवळजवळ अशक्यच. तरीही अठराव्या शतकांत चाळीस वर्षांच्या आंत तो तीन वेळां धन्याच्या हातून गेला: १७५८, १७६० आणि १७९५ या सालीं. एकदां तो युक्तीनें गेला व दोनदां तहाच्या कागदावर लिहून द्यावा लागला. याचें कारण किल्ल्याच्या बांधणींत सांपडत नाहीं. तो ज्या दरबाराच्या ताब्यांत होता, त्या हैदराबादच्या निजामाच्या राजनीतींत तें सांपडतें. शेजाऱ्याच्या भयानें समुद्रापलीकडच्या बलाढ्य राष्ट्राची फौज आपल्या आश्रयास आणावयाची, ही ती राजनीति होय.

दूरच्या सत्तेचा आश्रय देवगिरीस अगदींच नवा नव्हता. इ. स. १२९६ मध्यें अल्लाउद्दीन खिलजीनें घाला घातला आणि रामदेवराव यादवानें खंडणी कबूल केली. ती थकली तेव्हां १३०७ च्या सुमारास मलिक काफूर आला व राजास दिल्लीस घेऊन गेला. तेथें त्याचा सन्मान झाला, किताब मिळाला आणि राज्यही परत मिळालें. पुढें काफूर वरंगळवर व द्वारसमुद्रावर चालून गेला, तेव्हां त्याच्या फौजेची सरबराई देवगिरीनें केली. दक्षिणेंतील शेजारी एकामागून एक वांकले आणि त्या कामीं यादवांचेंच धान्य खर्ची पडलें. रामदेवरावाच्या मागें त्याच्या मुलानें मान वर केली, तो मारला गेला. पुढें जांवई हरपाळदेवाचाही अंत झाला आणि देवगिरीवर दिल्लीचा अंमल बसला. रामदेवरावानें मिळविलेलें अभय त्याच्या हयातीपुरतेंच ठरलें.

परंतु दिल्ली कितीही दूर असली तरी वाट खुष्कीची होती. अठराव्या शतकांत दक्षिणेंत जे मित्र आले, त्यांचे धनी सहा सहा महिन्यांच्या जलप्रवासाच्या अंतरावर होते, आणि त्यांचे शत्रुमित्र युरोपांतील भांडणांवरून ठरत असत. पहिला निजाम १७४८ सालीं मरण पावला व त्याच्या वारसांत तंटे लागले. १७५१ सालीं फ्रेंचांच्या साहाय्यानें सलाबतजंग गादीवर आला. ब्यूसी हा फ्रेंच सेनापति आपल्या कवायती पायदळासह व तोफांसह दरबारीं राहूं लागला. शिपायांचा पगार तुंबला, तेव्हां १७५३ सालीं औरंगाबाद येथें त्यानें मुस्तफानगर, एलूर, राजमहेंद्री व चिकाकोल हे पूर्व किनाऱ्यावरील चार सरकार फौजेच्या खर्चासाठीं लावून घेतले. पुढील शंभर वर्षांच्या व्यवहाराचा हा पहिला कित्ता होय: आधीं फौज, मग तिचा खर्च, मग थकबाकी आणि शेवटीं मुलूख.

दरबारांतील कारस्थानें वाढलीं, तेव्हां ब्यूसीनें १७५८ मध्यें दौलताबादचा किल्लाच युक्तीनें आपल्या हातीं घेतला. त्याच वर्षीं नवा फ्रेंच गव्हर्नर लाली पाँडिचेरीस आला. त्याचें सारें लक्ष इंग्रजांकडून मद्रास घेण्याकडे लागलें होतें. त्यानें ब्यूसीस परत बोलाविलें. ब्यूसीनें किल्ला सोडला आणि सलाबतजंगाचें संरक्षण एका पत्रासरशीं संपलें. यांत ब्यूसीनें मैत्रीशीं बेइमानी केली असें म्हणतां येणार नाहीं. तो फ्रान्सचा नोकर होता. फ्रान्सच्या हिशेबांत मद्रास मोठें होतें व दक्षिणचा सुभा लहान. पुढें दोन वर्षेंही लोटलीं नाहींत तोंच सदाशिवराव भाऊंनीं १७६० च्या आरंभीं उदगीर येथें निजामाचा पराभव केला. तहांत सुमारें साठ लाखांचा मुलूख व त्याबरोबर दौलताबाद पेशव्यांस मिळालें. पानिपतच्या पुढच्या उलथापालथींत किल्ला पुन्हां निजामाकडे गेला.

सलाबतजंगाचा भाऊ निजामअली यानें फ्रेंचांच्या जागीं इंग्रजांस धरिलें. १७६६ च्या तहानें किनाऱ्यावरील ते सरकार इंग्रजांस मिळाले; मोबदल्यांत लागेल तेव्हां फौज देण्याचें कंपनीनें कबूल केलें. मात्र आपल्या ठाण्यांस धोका दिसल्यास ती परत नेण्याची मुभा तिनें राखून ठेविली. १७८९ सालीं लॉर्ड कॉर्नवॉलिसनें आणखी खुलासा केला कीं, कंपनीच्या मित्रांविरुद्ध ही फौज वापरतां येणार नाहीं. आणि त्या मित्रांच्या यादींत पेशवे व शिंदे होते. म्हणजे निजामास ज्यांची खरी धास्ती होती, त्यांच्याविरुद्धच ही ढाल चालणार नव्हती. १७९० सालीं टिपूविरुद्ध इंग्रज, पेशवे व निजाम एक झाले, १७९२ सालीं टिपूचा अर्धा मुलूख तिघांनीं वांटून घेतला, आणि या लाभाच्या भरांत तें कलम कोणी फारसें मनावर घेतलें नाहीं.

परीक्षा १७९५ सालीं झाली. मराठ्यांनीं चौथाईच्या थकबाकीची मागणी केली व प्रकरण हातघाईवर आलें. निजामअलीनें कलकत्त्याकडे पाहिलें. त्या वेळचा गव्हर्नर जनरल सर जॉन शोअर याचें मत असें पडलें कीं, पेशवेही आपले मित्रच आहेत आणि एका मित्राच्या बाजूनें दुसऱ्याशीं लढावें असें तहांत कोठेंही नाहीं. पार्लमेंटच्या कायद्यानें हिंदुस्थानांतील नव्या लढायांस मनाई केली होती आणि युरोपांत फ्रान्सशीं युद्ध पेटलें होतें. इंग्रज पलटणी बाजूस राहिल्या. ११ मार्च १७९५ रोजीं खर्ड्याजवळ लढाई झाली. रात्रीं निजामाच्या छावणींत दाणादाण उडाली व त्याला खर्ड्याच्या किल्ल्याचा आसरा घ्यावा लागला. तहांत तीन कोट रुपये, परांड्यापासून तापीपर्यंतचा मुलूख आणि दौलताबादचा किल्ला द्यावयाचा ठरला. दिवाण मुशीरुल्मुल्क पुण्यास ओलीस गेला.

यानंतरची गोष्ट विशेष मननीय आहे. सवाई माधवरावांच्या मृत्यूनें पुण्यांत जो गोंधळ माजला, त्यांत नाना फडणिसांस निजामाच्या पाठिंब्याची गरज पडली, आणि १७९६ च्या महाडच्या करारांत खर्ड्यास मिळालेला मुलूख परत करण्याचें वचन त्यांनीं दिलें. जें कलकत्त्याच्या मैत्रीनें राखलें गेलें नाहीं, तें शेजाऱ्याशीं केलेल्या बोलण्यानें, निदान कागदावर तरी, परत आलें. पण दरबारानें या अनुभवाचा उलटा अर्थ घेतला. मैत्री अपुरी होती म्हणून घात झाला, तेव्हां ती पुरी करावी, असें मुशीरुल्मुल्कास वाटलें. १ सप्टेंबर १७९८ रोजीं लॉर्ड वेलस्लीशीं तह झाला. सहा हजार तैनाती फौज आणि वर्षास २४,१७,१०० रुपये खर्च ठरला. दरबाराच्या पदरची फ्रेंच अंमलदारांखालील कवायती फौज त्याच वर्षीं ऑक्टोबरांत निःशस्त्र करण्यांत आली. १२ ऑक्टोबर १८०० च्या तहानें फौज वाढली आणि खर्चापोटीं टिपूकडून मिळालेला बल्लारी-कडप्प्याकडील सारा मुलूख कंपनीस गेला. शिवाय कंपनीस विचारल्यावांचून अन्य कोणत्याही राज्याशीं बोलणें करावयाचें नाहीं, अशी अट पडली. महाडसारखा करार करण्याची वाटच त्या दिवशीं बंद झाली.

या सौद्यांत लाभ कांहींच नव्हता असें म्हणणें अन्यायाचें होईल. १८०३ सालीं शिंदे व भोसले यांच्या फौजा अजिंठ्याच्या घाटानें निजामाच्या मुलखांत उतरल्या, तेव्हां तैनाती फौजेनें खरोखरच रक्षण केलें. २३ सप्टेंबर रोजीं असईच्या रणांगणावर लढाईचा निकाल लागला आणि वऱ्हाडचा मुलूख निजामाच्या पदरीं पडला. त्यानंतर चौथाई मागावयास मराठी फौज आली नाहीं. टिपू १७९९ सालींच गेला होता. पेशव्यांनींही ३१ डिसेंबर १८०२ रोजीं वसईच्या तहानें तोच मार्ग धरिला, पण १८१८ सालीं त्यांचें राज्य बुडालें. निजामाचें घराणें मात्र १९४८ पर्यंत गादीवर राहिलें. घराण्याचें आयुष्य हेंच राज्याचें कल्याण मानलें, तर हा सौदा फायद्याचा ठरेल.

पण भय सरलें तरी खर्च सरला नाहीं. १८०० च्या तहांत युद्धकाळीं निजामानें आपलें घोडदळ व पायदळ मदतीस द्यावें असें होतें. त्याच कलमाच्या आधारें इंग्रज अंमलदारांच्या हाताखालीं कायमची ‘कंटिंजंट’ फौज उभी राहिली. १८१८ नंतर तिला लढावयास शेजारीं शत्रु उरला नाहीं, तरी पगार चालूच राहिला व कर्ज चढत गेलें. १८५३ सालीं लॉर्ड डलहौसीनें त्या कर्जापोटीं वऱ्हाड आपल्या ताब्यांत घेतला. १८५७ च्या जूनमध्यें याच कंटिंजंटचें घोडदळ औरंगाबाद येथें बिथरलें, तेव्हांही दिवाण सालारजंगानें इंग्रजांची बाजू सोडली नाहीं. वऱ्हाड मात्र परत आला नाहीं. १९०२ सालीं तो वर्षास २५ लाखांवर कायमच्या पट्ट्यानें लिहून घेण्यांत आला. १९१८ सालीं निजामास ‘ब्रिटिश सरकारचा एकनिष्ठ मित्र’ असा किताब मिळाला. या मैत्रीच्या जोरावर त्यानें वऱ्हाड परत मागितला, तेव्हां २७ मार्च १९२६ च्या पत्रानें लॉर्ड रीडिंगनें बजाविलें कीं, ब्रिटिश सत्ता हिंदुस्थानांत सर्वश्रेष्ठ असून कोणत्याही संस्थानिकास तिच्याशीं बरोबरीच्या नात्यानें बोलतां येणार नाहीं. १७६६ सालीं ज्यांस फौजेच्या वचनावर किनारा मिळाला होता, त्यांचें हें उत्तर होतें.

१९४७ सालीं इंग्रज निघाले, तेव्हां सार्वभौमत्वाबरोबर जुने तहही संपुष्टांत आल्याचें त्यांच्याच कायद्यानें जाहीर केलें. निजामानें दीडशें वर्षांच्या एकनिष्ठेचा दाखला दिला; लंडनहून सहानुभूतीपलीकडे कांहीं आलें नाहीं. सप्टेंबर १९४८ मध्यें भारतीय फौजा शिरल्या आणि १७ तारखेस निजामानें शरणागति पत्करली. खर्ड्याच्या वेळीं कलकत्त्यानें जें केलें, तेंच या वेळीं लंडननें केलें. फरक एवढाच कीं, १७९५ मध्यें निजामाचें दुःख निदान त्याच्या दरबाराचें तरी होतें. १९४८ मध्यें मराठवाड्याच्या गांवोगांवीं मुक्तीचा आनंद झाला. कारण त्या दीर्घ मैत्रीनें गादीस बाहेरच्या शत्रूपासून जसें राखलें, तसेंच आंतल्या प्रजेच्या मागण्यांपासूनही राखलें होतें, आणि प्रजेस आपलेंसें करण्याची निकड राजास कधीं वाटलीच नाहीं.

लहान राष्ट्रांस मोठ्यांचा आधार आजही घ्यावा लागतो, आणि पुष्कळदां त्यांस दुसरा उपाय नसतो. परंतु मदत कोणत्या शत्रूविरुद्ध मिळेल आणि ती द्यावयाची कीं नाहीं हें कोण ठरविणार, हा खुलासा आरंभींच करून घ्यावा लागतो. निजामअलीस १७८९ च्या पत्रांत तो मिळाला होता, आणि तो वाचावयास सहा वर्षांचा अवधिही होता.